वहबा, वबार आणि आपलं लोणार

थंडी पडू लागली की आपल्या मंडळाच्या व्हॉट्सॲप ग्रुपवर एक फोटो हमखास येतो. काळ्या कड्यावर हात पसरून उभं असलेलं कुणीतरी, आणि मागे खूप खाली पांढराशुभ्र गोल तळ. फोटोखालची ओळही ठरलेली असते : ‘आपल्या लोणारसारखंच! उल्का पडून झालेलं!’ मग त्यावर वीस अंगठे, दहा ‘वॉव’, आणि ‘आम्हालाही नेणार का?’ असं विचारणारे तीनचार जण.

फोटो वहबाचा असतो. खालची ओळ अर्धी खरी असते. लोणार उल्का पडून झालं हे खरं. वहबा उल्का पडून झालेलं नाही. उल्का पडून झालेली जागा सौदीत आहे, पण ती वहबा नसून वबार, आणि ती इथून पार दुसऱ्या टोकाला, रुब अल खालीच्या वाळूत आहे. वहबा आणि वबार, नावं इतकी जवळची की गोंधळ होणारच. त्यात गंमत अशी की या तिन्ही जागांबद्दल मोठमोठ्या माणसांनीही नेमका उलटासुलटा अंदाज केला होता. म्हणून यंदाच्या अंकात या सदरात हे तीन खड्डे. ‘खड्डे’ म्हटल्यावर पुण्या-मुंबईच्या मंडळींनी लगेच खड्ड्यांवरचे विनोद पाठवू नयेत, ही विनंती.

आधी वहबा. ताइफपासून ईशान्येला साधारण अडीचशे किलोमीटर. रस्त्याच्या दोन्ही बाजूंना काळा खडक पसरलेला, त्याला अरबीत ‘हर्रा’ म्हणतात, आणि या हर्राचं नाव किश्ब. जमीन सपाट. पुढे काही आहे असं अगदी शेवटपर्यंत वाटतच नाही. मग चार पावलं पुढे टाकली की पायाखालची जमीन संपते. समोर सुमारे दोन किलोमीटर रुंद आणि अडीचशे मीटर खोल विवर. रियाधचं किंगडम सेंटर ३०२ मीटर उंच आहे. ते उचलून या विवराच्या तळावर ठेवलं तर त्याचा फक्त वरचा भाग बाहेर डोकावेल. तळ पांढरा, कारण पावसाचं पाणी खाली साचतं, आटतं, आणि मागे क्षारांचा थर ठेवून जातं. कड्याच्या एका अंगाला झऱ्याच्या ओलीवर थोडी झाडी टिकून आहे. एवढ्या रखरखाटात तो हिरवा पट्टा पाहिला की डोळ्यांना पटत नाही.

आपली मुलं त्यांच्या गेममध्ये जे नकाशे उघडून बसतात, त्यांत एक तरी अशी जागा असते : सगळं गाव जिच्याबद्दल दबक्या आवाजात बोलतं आणि जिथे जाऊ नको असं म्हातारा पहारेकरी सांगतो. वहबाला तसला पहारेकरी नाही, पण गोष्ट आहे. आणि गेमवाल्यांना सुचली नसती अशी आहे.

गोष्ट अशी. पूर्वी इथे खड्डा नव्हता, तमिया नावाचा डोंगर होता. अरबीत ती ‘ती’ आहे. एका रात्री वीज चमकली, त्या उजेडात तिला दूरवर कतन नावाचा डोंगर दिसला, आणि ती त्याच्या प्रेमात पडली. इतकी, की मुळासकट उपटून निघाली आणि उडत त्याच्याकडे चालली. तिच्याच कुळातल्या दुसऱ्या एका डोंगराला हे सहन झालं नाही. त्याने तिला वाटेतच घायाळ केलं. ती कोसळली, कतनपर्यंत पोचलीच नाही. सांगणारा बदलला की हत्यार बदलतं, कधी बाण असतो कधी तलवार, पण ती पोचत नाही हे बदलत नाही. कसीम भागात तमिया आणि कतन हे दोन्ही डोंगर आजही आहेत. आणि जिथून ती उपटली गेली ती जागा म्हणजे हे विवर. वहबाचं जुनं नावच ‘मक्ला तमिया’, म्हणजे तमिया जिथून उखडली ती जागा.

उडणारे डोंगर आपल्याला काही नवे नाहीत. पुराणातल्या पर्वतांना पंख होते, ते मनाला येईल तिथे जाऊन बसायचे, लोकांना त्रास व्हायचा, म्हणून इंद्राने वज्राने पंख छाटले. एकटा मैनाक समुद्रात लपून वाचला. पण मला जास्त नवल वाटतं ते लोणारच्या गोष्टीशी असलेल्या साम्याचं. लवणासुर नावाचा दैत्य जमिनीखाली घर करून राहायचा, वर झाकण ठेवून. विष्णू दैत्यसूदनाचं रूप घेऊन आला, त्याने पायाच्या अंगठ्याने ते झाकण उडवलं आणि असुराला मारलं. विवर म्हणजे त्याची गुहा, तळ्याचं पाणी म्हणजे त्याचं रक्त, त्यातला खार म्हणजे त्याचं मांस. आणि झाकण? ते दूर ढाकेफळजवळ जाऊन पडलं, तिथली टेकडी म्हणजेच ते झाकण, असं विदर्भात सांगतात.

म्हणजे बघा. एकमेकांचं नावही न ऐकलेल्या दोन मुलखांतली माणसं. दोघांच्याही समोर एक अजस्र भोक. दोघांनाही पहिला प्रश्न पडला तो ‘इथली माती गेली कुठे?’ हाच. आणि दोघांनीही क्षितिजावर शोधून एक टेकडी त्या हिशेबात बसवली. भूगर्भशास्त्रज्ञही विवर पाहिलं की पहिल्यांदा हाच प्रश्न विचारतात, फक्त उत्तर देताना टेकडीऐवजी आजूबाजूला उडालेल्या दगडधोंड्यांचा थर मोजतात.

वहबाच्या बाबतीत तो थर काय सांगतो? दिवाळीचे दिवस आहेत, घराघरात कढई चढलेली आहे, तेव्हा उदाहरण आयतंच आहे. तापलेल्या तेलात चकली सोडताना हाताला लागलेला पाण्याचा थेंब आत पडला तर काय होतं ते प्रत्येक गृहिणीला ठाऊक आहे. पाण्याची वाफ झाली की ते सुमारे सतराशे पट जागा मागतं, आणि ती ताबडतोब मागतं. जमिनीखाली तेलाच्या जागी तप्त शिलारस होता आणि थेंबाच्या जागी भूजल. शिलारस वर येता येता पाण्याला भिडला आणि वाफेच्या स्फोटांनी वरचा खडक फोडून आकाशात उडवला. असे स्फोट होत गेले, मधली जागा रिकामी झाली, कडा ढासळल्या. अशा विवराला भूगर्भशास्त्रात ‘मार’ म्हणतात. शब्द जर्मनीतला आहे, पण आपल्या कानाला चपखल बसतो. हे सगळं साधारण अकरा लाख वर्षांपूर्वी झालं. काठावर आधीच्या एका लहान ज्वालामुखीचा शंकू होता, तो या स्फोटात उभा कापला गेला, आणि त्याचं अर्धं पोट आज कड्यात उघडं दिसतं. हीच ज्वालामुखीची सही. विसाव्या शतकात बराच काळ वहबाही उल्केचंच मानलं जायचं. खडक नीट पाहिल्यावर ते मत मागे पडलं.

सौदीत ज्वालामुखी म्हटलं की आपल्याकडचे नातेवाईक हसतात. ‘वाळवंटात कुठला आलाय ज्वालामुखी?’ पण मदिनेजवळ १२५६ मध्ये लाव्हा वाहिला होता, आणि तो शहराच्या बराच जवळ आला होता. २००९ मध्ये अल ईसजवळच्या हर्रात हजारो लहानमोठे भूकंप झाले, तेव्हा सरकारने लोकांना तिथून हलवलंही होतं. तांबडा समुद्र रुंदावतो आहे, त्याच ओढाताणीशी या हर्रांचं नातं आहे. किश्बचा काळा दगड हातात घेतला तर तो सह्याद्रीच्या दगडासारखाच वाटतो, कारण दोन्ही बसाल्टच. आपला मात्र साडेसहा कोटी वर्षांचा म्हातारा, हा त्याच्यापुढे पाळण्यातलं पोर.

आता लोणार. इथे नेमकं उलटं घडलं. सगळा प्रदेश ज्वालामुखीच्या खडकाचा, त्यात हे सुमारे १.८ किलोमीटरचं गोल विवर; मग हेही ज्वालामुखीचं तोंड, असं मानणं अगदी साहजिक होतं. १८२३ मध्ये सी. जे. ई. अलेक्झांडर या इंग्रज अधिकाऱ्याने त्याची नोंद केली. गावकऱ्यांना ते हजारो वर्षं ठाऊकच होतं, आईन-ए-अकबरीतही लोणारच्या खाराचा उल्लेख आहे, काच आणि साबणाला लागणारं सगळं इथे मिळतं असा. पण ‘शोध’ साहेबाच्या नावावर, असो. १८९६ मध्ये अमेरिकेचे नामवंत भूगर्भशास्त्रज्ञ जी. के. गिल्बर्ट यांनी ॲरिझोनातल्या विवराची तुलना लोणारशी केली आणि वाफेच्या स्फोटाच्या बाजूने कौल दिला. पुढे दोन्ही विवरं उल्केचीच निघाली! लोणारचा पुरावा पक्का व्हायला १९७० चं दशक उजाडलं. तळ्यात खोल छिद्रं पाडून काढलेल्या खडकात मॅस्केलिनाइट नावाची काच सापडली. खडकातलं खनिज वितळल्याशिवाय, केवळ प्रचंड धक्क्याने, काच होऊन जातं तेव्हा ती तयार होते. ज्वालामुखी कितीही चिडला तरी तसा धक्का देऊ शकत नाही. १९७३ मध्ये हे संशोधन प्रसिद्ध झालं.

बसाल्टमध्ये उल्केने केलेली विवरं जगात मोजकीच आहेत, आणि चंद्रावरचे काळे डाग बसाल्टचेच, म्हणून चंद्राचा अभ्यास करणारे लोणारला येतात. वयाबद्दल मात्र अजून भांडण आहे. एका पद्धतीने ते पन्नासेक हजार वर्षं येतं, २०१० च्या दुसऱ्या मोजणीने पाच लाख सत्तर हजार. घरातल्या आजोबांच्या जन्मतारखेसारखं, शाळेचा दाखला वेगळा आणि खरं वय वेगळं. २०२० च्या जूनमध्ये तळं गुलाबी झालं तेव्हा आपल्या ग्रुपवरही ‘लवणासुर जागा झाला’ असे मेसेज फिरले होते. पाणी आटून क्षार वाढले, खारात जगणारे गुलाबी सूक्ष्मजीव फोफावले, इतकंच. पुण्याच्या आघारकर संशोधन संस्थेने ते तपासलं. त्याच वर्षी नोव्हेंबरमध्ये लोणारला रामसर दर्जा मिळाला. लोणारच्या खारात सोडियमचं कार्बोनेट आणि बायकार्बोनेट, म्हणजे आपल्या पापडखाराचंच कूळ.

आणि तिसरा खड्डा, वबार. याची कहाणी सगळ्यांत नाट्यमय.

आद नावाच्या लोकांचा उल्लेख कुराणात आहे. वाळवंटातल्या बदू लोकांची समजूत अशी की आदच्या राजाची एक वैभवशाली नगरी होती, ती माजली, आणि आकाशातून आग पडून जळून गेली. तिथे उंटाएवढा लोखंडाचा गोळा पडलेला आहे, असंही ते सांगत. १९३२ च्या सुरुवातीला सेंट जॉन फिल्बी ती नगरी शोधायला उंटांवरून निघाले. फिल्बी म्हणजे मूळचे आपल्याकडचे आय.सी.एस. अधिकारी, पंजाबात नोकरी केलेले, पुढे राजे अब्दुल अझीझ यांचे सल्लागार. (त्यांचा मुलगा किम फिल्बी हा पुढे रशियाचा हेर निघाला, ती वेगळीच कादंबरी.) आदल्या वर्षी बर्ट्रम थॉमस यांनी रुब अल खाली पार करून पहिला मान पटकावला होता, त्याची सलही होतीच. दिवसचे दिवस वाळू तुडवून फिल्बी वबारला पोचले, आणि समोर ना वाडे ना बुरूज. वाळूत गोल खड्डे, कडेला काळं भाजलेलं काहीतरी. त्यांना वाटलं ज्वालामुखी! सोबतचे बदू मात्र खूश. ते वाळूतले काळे चकाकते मणी वेचत होते. नगरीबरोबर जळालेल्या राणीवशाचे मोती ते हेच, अशी त्यांची खात्री होती.

नमुने लंडनला ब्रिटिश म्युझियममध्ये गेले आणि तिथे उलगडा झाला. मणी म्हणजे वितळलेल्या वाळूची काच. त्यात लोखंड आणि निकेल मिसळलेलं. लोखंडाची उल्का वाळूत आदळली होती. आघाताने काही वाळू वितळून काळी काच झाली, काही क्षणात दाबली जाऊन पांढरा दगड झाली. म्हणजे आकाशातून आग पडली ही बदूंची गोष्ट खरीच होती; खोटी फक्त नगरी. आणि आग पडली ती काही फार जुनी गोष्ट नाही. वाळूच्या मोजणीवरून ती अवघ्या दोनतीनशे वर्षांपूर्वीची असावी, म्हणजे आपल्याकडे पेशवाई होती तेव्हा किंवा त्यानंतर. कुणीतरी ती पाहिलीही असेल.

उंटाएवढं लोखंड फिल्बींना मिळालं नाही. लहान तुकड्यावर समाधान मानून ते परतले. मोठा गोळा वाळूने झाकला होता. वारा फिरला, वाळू सरकली, आणि १९६० च्या दशकात तो उघडा पडला. दोन टनांहून जास्त वजनाचा. आरामकोच्या माणसांनी तो वाळवंटातून बाहेर आणला. खड्ड्यांची गत मात्र उलटी होत गेली. सगळ्यांत मोठा ११६ मीटर रुंदीचा खड्डा फिल्बींनी पाहिला तेव्हा साधारण बारा मीटर खोल होता. १९६१ मध्ये आठ मीटर. १९८० च्या दशकात जवळजवळ बुजलेला. १९९४-९५ मध्ये जेफ्री विन आणि विवरांचे जगप्रसिद्ध अभ्यासक युजीन शूमेकर गाड्यांचा ताफा घेऊन तिथे गेले, तेव्हा कडांचे अवशेष तेवढे वाळूवर दिसत होते. वहबा अकरा लाख वर्षं टिकलं आणि वबार शंभर वर्षांत आपल्या डोळ्यांदेखत पुसलं जातंय, कारण एक खडकात आहे आणि एक वाळूत.

वबारला जायचा विचार कुणी करू नये. सर्व तयारीनिशी गेलेल्या मोहिमांनाही ती जागा सोपी गेलेली नाही. शनिवार-रविवारच्या सहलीत बसणारं ते प्रकरण नाही.

वहबाला मात्र आपली मंडळी जातात आणि जाणारच, जिद्दा-ताइफकडची तर हमखास. म्हणून चार गोष्टी जरा सविस्तर सांगतो, कारण इथे धोका राक्षसाचा नसून हिशेबाचा आहे. गड चढताना आधी दमतो आणि मग उतरतो. दमलेलं शरीर उताराच्या बाजूला असतं. सिंहगडावर अर्ध्यात धाप लागली तर माणूस तिथूनच परत फिरतो. विवरात सगळं उलटं. ताजेतवाने असताना उतार, आणि दमल्यावर, ऊन डोक्यावर आल्यावर, पाणी संपत आल्यावर अडीचशे मीटरची चढण. खाली पोचायला पाऊण तास लागला म्हणून वर यायला पाऊणच तास लागेल असं धरणारे अडकतात. दुप्पट धरा. मुलं आणि आजी-आजोबा सोबत असतील तर काठावरूनच पाहा. काठावरून ते जास्त सुंदर दिसतं हे मी कुणाची समजूत घालायला म्हणत नाहीये.

उतरायचंच असेल तर पहाट फुटताना निघा आणि ऊन चढायच्या आत वर या. माणशी तीन लिटर पाणी, तेही प्रत्येकाच्या स्वतःच्या पाठीवर. ‘पाण्याचा खोका गाडीत आहे’ हे वाक्य तळाशी उभं राहून काही कामाचं नसतं. वाट सुट्या दगडांची आहे, चपला नकोत. तळाचा पांढरा थर वरून कडक वाटतो, पण पाऊस होऊन गेला असेल तर त्याखाली चिखल असतो आणि पाय पोटरीपर्यंत जातो. पाणी दिसत असेल तर मध्ये जाऊच नका. मे ते सप्टेंबर खाली उतरण्याचा विचारही नको. काठ सगळीकडे कठड्याने बंद नाही आणि आधी सांगितलं तसं विवर शेवटच्या क्षणापर्यंत दिसत नाही. तेव्हा अंधार पडल्यावर काठाकडे गाडी नेऊ नका, आणि तंबू ठोकला असेल तर रात्री मुलांना एकटं फिरू देऊ नका. सेल्फीसाठी पाठमोरं मागे सरकणं, याबद्दल वेगळं लिहायची गरज नसावी, पण ग्रुपवरचे फोटो पाहता आहे. मोबाइलची रेंज गृहीत धरू नका. मुक्कामाची जागा आणि परतायची वेळ घरी कुणाला तरी सांगून निघा. मक्का प्रांतात मदतीचा नंबर ९११.

रियाधकरांना वहबा म्हणजे अख्ख्या दिवसाचा प्रवास. त्यांच्यासाठी जवळची सोय आहे. वबारचा तो दोन टनी गोळा आता रियाधच्या राष्ट्रीय संग्रहालयात ठेवलेला आहे. मुलांना घेऊन जा. आधी फिल्बींची गोष्ट सांगा, मग गोळा दाखवा, आणि तो उंटाएवढा आहे का हे त्यांनाच ठरवू द्या. आमच्या इथल्या एका सहा वर्षांच्या परीक्षकाचा निकाल असा आहे की उंटाएवढा नाही, पण बसलेल्या उंटाच्या मदारीएवढा नक्की आहे.